सारा कार्टर आणि कार्टर कुटुंबाचे गाणे

'घराणे' हा शब्द आपल्याकडे गाण्याच्या चर्चेत इतका रुळला आहे की, त्यात 'घर' आहे याची आठवण सहसा कोणाला राहत नाही. ग्वाल्हेर, किराणा, जयपूर असे म्हटले म्हणजे आपल्यापुढे गायकीची एक रीत उभी राहते; चूल, पाळणा, शेतातली निंदणी ही काही उभी राहत नाहीत. आज आम्ही ज्या गायिकेविषयी बोलणार आहोत, तिच्या बाबतीत मात्र घर आणि घराणे या दोन गोष्टी एकमेकींपासून वेगळ्या काढता येत नाहीत. अमेरिकेतील व्हर्जिनिया राज्याच्या डोंगराळ भागात नवरा, बायको आणि धाकटी जाऊ अशा तिघांनी मिळून गाण्याचा एक संच उभा केला. १९२७ पासून १९४३ पर्यंत सोळा वर्षे तो चालला. सुमारे तीनशे गाणी या तिघांनी ध्वनिमुद्रित केली आणि आज ज्याला 'कंट्री' संगीत म्हणतात त्याचा पाया त्यांनी घातला. या संचाचे नाव होते 'कार्टर फॅमिली', आणि त्याचा आवाज होता सारा कार्टर यांचा.

घरातले गाणे जेव्हा धंदा होते, तेव्हा घराचे काय होते? आणि जिच्या गळ्यावर तो धंदा उभा असतो, तिच्या वाट्याला काय येते? साराबाईंचे चरित्र या दोन प्रश्नांच्या अनुरोधाने पाहावे असा आमचा विचार आहे. केवळ यशाची हकीकत सांगायची तर ती पाच मिनिटांत संपेल. पण तिच्या पोटात जे आहे ते समजून घेण्यास थोडा वेळ द्यावा लागेल.

दोन खोरी

व्हर्जिनियाच्या नैऋत्य टोकाला क्लिंच नावाचा लांबलचक डोंगर आहे. त्याच्या एका अंगाला जे खोरे आहे त्याला 'रिच व्हॅली', म्हणजे श्रीमंत खोरे, म्हणतात. आणि दुसऱ्या अंगाला आहे ते 'पूअर व्हॅली', म्हणजे गरीब खोरे. नावे जमिनीच्या कसावरून पडलेली आहेत. सारा डोहर्टी हिचा जन्म या भागात २१ जुलै १८९८ रोजी झाला. आई लहानपणीच वारली, आणि मुलगी रिच व्हॅलीच्या बाजूला कॉपर क्रीक नावाच्या ओढ्याकाठी नातलगांच्या घरी वाढली. शेजारीपाजारी सगळेच गाणारे होते. गाणे शिकायचे म्हणजे ऐकायचे आणि म्हणायचे, एवढीच तेथली शाळा होती.

साराच्या हातात लहान वयातच एक वाद्य आले, ते 'ऑटोहार्प'. आपल्या श्रोत्यांना ते कळावे म्हणून आम्ही स्वरमंडळाची उपमा देतो. पेटीवर ताणलेल्या तीसाहून अधिक तारा, असे त्याचे रूप असते. फरक एवढाच की तारांवर आडव्या पट्ट्या बसविलेल्या असतात आणि पट्टीखाली लोकरी नमद्याचे तुकडे असतात. एखादी पट्टी दाबली की नको असलेल्या तारा मुक्या होतात, आणि हात फिरविताच उरलेल्या तारांतून नेमका हवा तो स्वरमेळ निघतो. म्हणून हे वाद्य शिकावयास सोपे, आणि टपालाने मागवून घेता येई म्हणून डोंगरातल्या घरांतही पोहोचलेले होते.

डोंगरापलीकडच्या पूअर व्हॅलीत, मेसेस स्प्रिंग या वस्तीत, आल्व्हिन प्लेझंट कार्टर नावाचा तरुण राहत होता. त्याला सगळे ए. पी. म्हणत. त्याच्या अंगात एक कंप होता. हात थरथरत आणि कधी कधी आवाजही. फळझाडांची रोपे विकण्याचा त्याचा व्यवसाय होता. रोपांच्या मागण्या घेत तो डोंगर ओलांडून कॉपर क्रीकला गेला असता त्याच्या कानी एक खोल, ठाम, किंचित उदास असा स्त्रीचा आवाज आला, आणि त्या आवाजाच्या मागे तो गेला, अशी आठवण या कुटुंबात सांगत असत. १८ जून १९१५ रोजी त्यांचे लग्न झाले. सारा सोळा वर्षांची होती. श्रीमंत खोऱ्यातली मुलगी गरीब खोऱ्यात नांदावयास आली.

पुढे १९२६ साली ए. पीं.चा भाऊ एझ्रा याचे लग्न मेबेल अॅडिंग्टन हिच्याशी झाले. मेबेल ही साराबाईंची नात्यातली बहीण. आता ती जाऊ झाली. वय अवघे सोळा, पण गिटारवर तिचा हात असा काही बसलेला होता की ऐकणाऱ्याला दोन माणसे वाजवीत आहेत असे वाटावे. ती अंगठ्याने खालच्या जाड तारांवर मूळ चाल वाजवी आणि त्याच वेळी बोटांनी वरच्या तारांवर ताल धरी. या पद्धतीला पुढे 'कार्टर स्क्रॅच' असे नाव पडले, आणि आज गिटार शिकणारी मुले जगभर तिचा अभ्यास करतात.

ब्रिस्टलची वारी

या तिघांचे गाणे खोऱ्याबाहेर कसे गेले, हे समजण्यास ध्वनिमुद्रणाच्या तंत्राकडे पाहावे लागते. १९२५ पर्यंत ध्वनिमुद्रण कर्ण्यातून होई. गाणाऱ्याने कर्ण्याच्या तोंडाशी उभे राहून जोर लावून गायचे, आणि त्या हवेच्या धक्क्याने सुई मेणात खाच पाडायची, अशी ती रीत होती. १९२५ च्या सुमारास विजेचा मायक्रोफोन आला. त्यामुळे नेहमीच्या आवाजात, घरात गावे तसे गायिलेले गाणेही स्पष्ट उमटू लागले. शिवाय यंत्रसामग्री मोटारीत घालून गावोगाव नेता येऊ लागली. साराबाईंसारखा खालच्या पट्टीतला, न ओरडणारा आवाज याच घडीला तबकडीवर येणे हा काही निव्वळ योगायोग नव्हता.

व्हिक्टर कंपनीसाठी काम करणारे राल्फ पीर हे अशी यंत्रे घेऊन जुलै १९२७ मध्ये ब्रिस्टलला आले. ब्रिस्टल हे शहर दोन राज्यांत वाटलेले आहे. त्याच्या स्टेट स्ट्रीटची एक बाजू टेनेसीत तर दुसरी व्हर्जिनियात. त्या रस्त्यावरील एका इमारतीत, जेथे पूर्वी टोप्यांचा व्यापार चाले, पीर यांनी भिंतींना पांघरुणे टांगून खोली तयार केली आणि वर्तमानपत्रांतून बातमी पसरविली. २५ जुलै ते ५ ऑगस्ट या काळात तेथे १९ संचांची ७६ गाणी मुद्रित झाली. जिमी रॉजर्स हा पुढे अतिशय गाजलेला गायक त्याच खोलीत ४ ऑगस्टला प्रथम गायिला.

कार्टर मंडळी ३१ जुलैस निघाली. मोटार भावाची. ती मिळावी म्हणून ए. पीं.नी त्याच्या मक्याच्या शेतातले तण काढून देण्याचे कबूल केले होते, असे सांगतात. अंतर पंचवीसएक मैलांचे, पण वाटेत ओढे आणि दगडधोंडे, त्यात चाके पंक्चर होणे. सारा दिवस प्रवासात गेला. मोटारीत कोण कोण होते हे लक्षात घ्यावे. मेबेलला आठवा महिना होता. साराबाईंच्या मांडीवर काही महिन्यांचा तान्हा मुलगा जो होता. त्याला सांभाळण्यासाठी आठ वर्षांची थोरली मुलगी ग्लॅडिस बरोबर घेतली होती. कुटुंबाचा संच म्हणतात तो असा! एकीकडे यंत्राची सुई सिद्ध, आणि दुसरीकडे बाहेर मूल भुकेने रडते आहे.

१ ऑगस्टला संध्याकाळी चार गाणी झाली आणि दुसऱ्या दिवशी सकाळी दोन. दर गाण्यास ५० डॉलर मिळाले. डोंगरातल्या शेतकऱ्याला ही रक्कम स्वप्नवत होती. साराबाईंचा आवाज कानी पडताच आपल्याला काय सापडले हे आपण ओळखले, असे पीर पुढे सांगत असत.

दुसऱ्या दिवसाच्या दोन गाण्यांपैकी एकाविषयी थोडे सांगितले पाहिजे. 'सिंगल गर्ल, मॅरीड गर्ल' हे ते गाणे. अविवाहित मुलगी आणि लग्न झालेली बाई यांची त्यात तुलना आहे. एक मनास येईल तशी नटते, हिंडते. दुसरीच्या नशिबी पाळणा आणि जुने कपडे. साराबाईंना हे गाणे आवडत नव्हते. ते म्हणावयाचे त्यांच्या मनात नव्हते. पीर यांनी आग्रह धरला म्हणून त्या गायिल्या. ए. पी. त्या सकाळी गाण्यात नव्हते. दोघी जावांनीच ते पार पाडले. आणि तबकड्या बाजारात आल्यावर लोकांनी जी गाणी उचलून धरली त्यांत हे एक होते. ऐकताना आपल्याला त्यात तक्रारीचा सूर आढळत नाही. साराबाई एखादी हकीकत सांगावी तशा सरळ गातात. रडे नाही, मुरका नाही, आवाजाला कंप नाही. ऐकणाऱ्याने काय समजायचे ते समजावे. हीच त्यांच्या गायकीची खूण होय.

दोन सेंटांचे गणित

आता आम्ही जरा रुक्ष वाटेल अशा विषयाकडे वळतो. परंतु त्याखेरीज पुढची गोष्ट कळणार नाही.

तेव्हाच्या अमेरिकन कायद्याप्रमाणे विकल्या जाणाऱ्या तबकडीवरील प्रत्येक गाण्यामागे त्या गाण्याच्या हक्कदाराला दोन सेंट द्यावे लागत. पीर यांनी व्हिक्टर कंपनीशी करार केला तो पगाराचा नव्हता; गाण्यांच्या प्रकाशनाचे हक्क आपल्याकडे असावेत, असा तो होता. त्या हक्कांतला वाटा ते गायकांनाही देत. यातून एक अट आपोआप निघाली : गाणे दुसऱ्या कोणाच्या मालकीचे असता कामा नये. ते नवे तरी असावे, किंवा इतके जुने असावे की कोणी त्यावर हक्क सांगू नये, आणि थोडा फेरफार करून ते आपल्या नावे नोंदविता यावे.

झाले! ए. पी. कार्टर गाणी शोधत फिरू लागले. डोंगरातली खेडी, गिरण्या, कोळशाच्या खाणींतल्या वसाहती, चर्च, म्हाताऱ्यांची घरे, जेथे म्हणून गाणे मिळेल तेथे ते जात. घरी आल्यावर अर्धवट गाण्यांची जुळणी होई. साराबाई आणि मेबेल चाल बसवीत. मे १९२८ मध्ये न्यू जर्सीतील कॅम्डेन येथे मुद्रित झालेले 'वाइल्डवुड फ्लॉवर' हे गाणे याचे उत्तम उदाहरण आहे. मूळ रचना १८६० सालची, शहरी दिवाणखान्यात पियानोवर म्हणण्याची. ती छापील कागदावरून तोंडी परंपरेत उतरली, आणि साठसत्तर वर्षांत तिचे शब्द इतके झिजले की काही ओळींचा अर्थही लागेना. साराबाईंनी ती आपल्यापर्यंत आली तशीच गायिली. अर्थ लागत नाही म्हणून गाणे कोठे अडले नाही. जात्यावरच्या ओव्या ऐकलेल्या माणसाला याचे नवल वाटणार नाही; तेथेही शब्द पुष्कळदा झिजतो, पण सूर आणि भाव हातोहात पुढे जातो.

मग प्रश्न असा की, अशा गाण्याचा मालक कोण? ओवीवर कोणी हक्क नोंदविला नाही, म्हणून आपल्याकडे तो प्रश्न फारसा उठला नाही. तिकडे कायद्याच्या वहीत मात्र एक नाव लिहावेच लागे, आणि बहुतेक गाण्यांपुढे ते नाव ए. पी. कार्टर असे लिहिले गेले.

या शोधयात्रेत त्यांचा एक सोबती होता : लेझ्ली रिडल. टेनेसीतील किंग्जपोर्ट येथे राहणारा हा कृष्णवर्णीय गिटारवादक. सिमेंटच्या कारखान्यातील अपघातात त्याचा एक पाय गेला होता. ए. पी. शब्द उतरून घेत, पण चाल त्यांच्या लक्षात राहत नसे. ती लेझ्लीच्या डोक्यात राही. एकदा ऐकली की तो ती घरी येऊन जशीच्या तशी म्हणून दाखवी. वंशभेदाच्या कायद्यांचे ते दिवस होते. गोऱ्याने आणि काळ्याने एका खाणावळीत बसून जेवणेही दक्षिणेत अशक्य. तरी हे दोघे वर्षानुवर्षे बरोबर हिंडले, आणि लेझ्ली कार्टरांच्या घरी मुक्कामाला राहत असे. मेबेलने त्याच्यापासून गिटारच्या काही खुब्या उचलल्या. परंतु तबकडीवर त्याचे नाव कधी आले नाही. १९६५ साली माइक सीगर या लोकसंगीताच्या अभ्यासकाने त्याला शोधून काढले, तेव्हा कोठे लोकांना त्याचे काम कळले. ज्याला आज 'गोऱ्या डोंगरी लोकांचे संगीत' म्हणतात त्यात काळ्या माणसाचे देणे किती आहे, हे या एका उदाहरणावरून ध्यानी यावे.

घर मोडते, संच राहतो

नवरा गाण्यांच्या शोधात आठवडेच्या आठवडे बाहेर, आणि घरी तीन मुले, गुरे, शेत, सरपण. ही सगळी कामे साराबाईंवर पडली. गाण्याचे कार्यक्रम होत ते आसपासच्या शाळांत आणि चर्चमध्ये. प्रवेशमूल्य १५ आणि २५ सेंट, आणि कार्यक्रम नीतीला धरून आहे असे हस्तपत्रकावर छापलेले. साराबाईंना व्यासपीठाची हौस नव्हती. गाणे आवडे; लोकांपुढे उभे राहणे आवडत नसे. ए. पी. मात्र आपल्या लहरीप्रमाणे वागत. वाटले तर खालच्या सुरात साथ करायची, नाही तर चालू गाण्यात गप्प राहायचे. त्यांच्या तबकड्या ऐकताना हे स्पष्ट कळते. मध्येच एक पुरुषी आवाज येतो आणि मध्येच नाहीसा होतो. साराबाईंचा आवाज मात्र पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत खांबासारखा उभा असतो.

त्यात महामंदी आली. अमेरिकेत १९२७ साली सुमारे दहा कोटी तबकड्या खपल्या होत्या. १९३२ साली खप सुमारे साठ लाखांवर आला. ए. पी. काही काळ कामासाठी डेट्रॉइटला गेले, एझ्रा आणि मेबेल वॉशिंग्टनला गेले. घराची घडी विसकटली. ए. पीं.चा एक चुलतभाऊ कॉय बेझ हा त्या काळात साराबाईंच्या मदतीला असे. त्यांना कोठे जायचे असल्यास मोटारीने नेई. त्यातून दोघांचा एकमेकांवर जीव जडला. गोष्ट खोऱ्यात फुटली. बेझ कुटुंब दूर कॅलिफोर्नियास निघून गेले. साराबाई १९३३ च्या सुमारास नवऱ्याचे घर सोडून डोंगरापलीकडे माहेरच्या माणसांत परत गेल्या. मुले बहुतांशी वडिलांकडे राहिली. १९३६ साली घटस्फोट झाला.

येथे एखाद्याला वाटेल की संच संपला. परंतु तसे झाले नाही. पीर यांनी आणि त्यांच्या पत्नीने साराबाईंची समजूत घातली, की संसार वेगळा आणि धंदा वेगळा. साराबाई ध्वनिमुद्रणापुरत्या येत राहिल्या. १९३५ साली 'कॅन द सर्कल बी अनब्रोकन' हे गाणे मुद्रित झाले. १९०७ सालच्या एका ख्रिस्ती भजनाला नवे शब्द देऊन केलेले, आईच्या अंत्ययात्रेवरचे हे गाणे. मृत्यूनंतर कुटुंबाची साखळी पुन्हा जुळेल का, असा त्यातला प्रश्न. गाणाऱ्या स्त्रीची आई बाळपणीच गेलेली, तिचे स्वतःचे घर मोडलेले, मुले डोंगराच्या पलीकडे, आणि शेजारी साथीला उभा तोच नवरा. आम्ही यावर अधिक काही बोलत नाही. तबकडी उपलब्ध आहे. ज्याने त्याने ऐकावी.

सरहद्दीवरचा रेडिओ

१९३८ साली या संचाला एक विलक्षण नोकरी मिळाली. अमेरिकेत रेडिओ केंद्राला ५० किलोवॉटपेक्षा अधिक शक्ती वापरण्याची परवानगी नव्हती. म्हणून काही धंदेवाल्यांनी मेक्सिकोच्या हद्दीत, नदीच्या अगदी पलीकडच्या काठावर, प्रचंड केंद्रे उभारली. टेक्ससमधील डेल रिओ गावासमोर व्हिया आकुन्या येथे असलेले एक्सईआरए हे केंद्र त्यांपैकीच. त्याचा चालक जॉन ब्रिंकली हा बोकडाच्या ग्रंथी माणसांच्या शरीरात बसवून पौरुष परत आणण्याचा दावा करणारा भोंदू वैद्य. केंद्राची शक्ती ५०० किलोवॉट, म्हणजे कायद्याच्या मर्यादेच्या दहापट. रात्री त्याचे कार्यक्रम जवळजवळ सगळ्या अमेरिकेत आणि कॅनडातही ऐकू जात. शिकागोची एक औषधी कंपनी कार्यक्रमाचा खर्च उचले. कार्टर मंडळींना प्रत्येकी आठवड्याला ७५ डॉलर आणि रोज दोन कार्यक्रम.

भोंदू औषधांच्या जाहिरातींमध्ये कार्टरांची साधी, खरी गाणी! परंतु देशाच्या कानाकोपऱ्यात ती पोहोचली ती याच मार्गाने. शेतात राबणारे, स्थलांतर करून गेलेले, मंदीने रस्त्यावर आलेले लोक रात्री रेडिओला कान लावून बसत. वुडी गथ्री या कवी-गायकाने आपल्या अनेक गाण्यांसाठी कार्टरांच्या चाली उचलल्या. त्याचे अत्यंत प्रसिद्ध झालेले 'धिस लँड इज युअर लँड' हे गाणे त्यांच्याच एका धार्मिक गाण्याच्या चालीवर बेतलेले आहे.

याच केंद्रावरून फेब्रुवारी १९३९ मध्ये एका रात्री साराबाईंनी 'आय अॅम थिंकिंग टुनाइट ऑफ माय ब्लू आइज' हे गाणे कॅलिफोर्नियातील कॉय बेझ यांना अर्पण करीत असल्याचे सांगितले आणि त्या गायिल्या. सहा वर्षे दोघांची भेट नव्हती. कॉय यांनी ते कॅलिफोर्नियात ऐकले, मोटार काढली आणि टेक्सस गाठले. २० फेब्रुवारी १९३९ रोजी ब्रॅकेटव्हिल येथे त्यांचे लग्न झाले. जो गळा सोळा वर्षे दुसऱ्यांची गाणी आणि दुसऱ्यांची दुःखे गात राहिला, त्याने एकदाच आपला खासगी निरोप पाठविला, आणि तोही सर्व देशाच्या देखत. ए. पी. तेव्हा संचातच होते. त्यांनी पुन्हा लग्न केले नाही.

त्यानंतरही चार वर्षे संच चालला. पुढची पिढी, म्हणजे साराबाईंची मुलगी जॅनेट आणि मेबेलच्या मुली हेलन, जून व अॅनिटा, माइकपुढे उभी राहू लागली. मेक्सिकोतील ते केंद्र १९४१ मध्ये बंद पडले. शेवटची नोकरी उत्तर कॅरोलायनातील शार्लट येथील रेडिओ केंद्रावर. १९४३ मध्ये ती मुदत संपताच साराबाई कॅलिफोर्नियास गेल्या आणि कार्टर फॅमिलीचा पहिला संच संपला.

उत्तरार्ध

साराबाई तेव्हा चव्वेचाळीस वर्षांच्या होत्या. गायकीला उतरती कळा लागलेली नव्हती. मेबेलने मुलींना बरोबर घेऊन दुसरा संच काढला आणि तिची कीर्ती वाढत गेली. तिची मुलगी जून हिचे लग्न १९६८ साली विख्यात गायक जॉनी कॅश यांच्याशी झाले. साराबाई मात्र एंजल्स कँप या लहानशा गावी शांतपणे राहिल्या. १९५० नंतरच्या काही वर्षांत त्यांनी ए. पी., जॅनेट आणि जो यांच्याबरोबर थोडी ध्वनिमुद्रणे केली. मोडलेल्या घरातली माणसे पुन्हा एकदा गाण्यापुरती एकत्र आली. ए. पी. कार्टर ७ नोव्हेंबर १९६० रोजी वारले. अखेरच्या काळात ते मेसेस स्प्रिंगला किराण्याचे दुकान चालवीत असत.

१९६० नंतर शहरांतल्या तरुणांना लोकसंगीताचा छंद लागला आणि जुन्या तबकड्या शोधल्या जाऊ लागल्या. १९६७ मध्ये साराबाई आणि मेबेल न्यूपोर्ट येथील लोकसंगीत महोत्सवात एकत्र गायिल्या, आणि त्याच वर्षी दोघींची एक दीर्घ तबकडी निघाली. १९७० साली कंट्री संगीताच्या सन्मानदालनात कार्टर फॅमिलीची निवड झाली. असा मान मिळविणारा हा पहिला संच. मेबेल ऑक्टोबर १९७८ मध्ये गेली, आणि तीन महिन्यांच्या आत, ८ जानेवारी १९७९ रोजी, कॅलिफोर्नियातील लोडाय येथे साराबाईंचा अंत झाला. त्यांचे दफन झाले ते मात्र पूअर व्हॅलीत, ए. पी. जेथे विसावले होते त्याच चर्चच्या आवारात. दोघांच्याही दगडावर तबकडीची आकृती कोरलेली आहे.

ताळेबंद

आता सुरुवातीच्या दोन प्रश्नांकडे येऊ. घरातले गाणे धंदा झाले म्हणजे घराचे काय होते? या कुटुंबापुरते उत्तर कठोर आहे. त्या धंद्याने घराला पैसा आणि नाव दिले, आणि त्याच धंद्याच्या ओढीने नवरा-बायकोतले अंतर वाढविले. मुलांनी आईला रेडिओवर पुष्कळदा ऐकले आणि घरी थोडे पाहिले. परंतु याला दुसरीही बाजू आहे. या तिघांच्या सुरांचा जो मेळ होता तो पैसे देऊन जमविलेल्या गायकांत येत नाही. एका चुलीभोवती बसून, एकमेकींची मुले सांभाळीत, रोजच्या कामाच्या लयीत जी दोन गळ्यांची ओळख होते, तिच्यातून तो आलेला होता. म्हणूनच लग्न मोडल्यावरही मेळ मोडला नाही.

आणि गाणारीच्या वाट्याला काय आले? गाण्याच्या हक्कपत्रावर ए. पी. कार्टर यांचे नाव आहे. त्यांच्या पायपिटीवाचून शेकडो गाणी त्या खोऱ्यांतच विरून गेली असती. त्यांचे श्रेय काढून घेण्याचा आमचा मुळीच हेतू नाही. परंतु हिशेब पुरा मांडायचा तर चार वाटे मांडावे लागतात : ए. पीं.ची पायपीट, लेझ्ली रिडलची स्मृती, मेबेलचा हात आणि साराबाईंचा गळा. कायद्याला लिहिलेला कागद दिसतो. गळा दिसत नाही. गाणे कोणी रचले याची नोंद वहीत होते, पण ते गाणे ज्या रीतीने गायिले गेल्यामुळे जगले त्या रीतीची नोंद कोठे होत नाही. हा अन्याय कोणा एका माणसाने केला असे म्हणता येणार नाही. तो त्या व्यवस्थेच्या हिशेबातच होता, आणि म्हणूनच दुरुस्त होण्यास अवघड होता.

एक गोष्ट मात्र साराबाईंनी स्वतःच्या हातात ठेवली, ती म्हणजे थांबण्याचा निर्णय. कीर्ती दाराशी असता, आवाज शाबूत असता, आता पुरे असे म्हणून त्या निघून गेल्या. आपल्याकडेही पुष्कळ गुणी बायकांनी गाणे सोडले. पण बहुतेकींना ते सोडावे लागले. सोडावे लागणे आणि सोडणे यांत जे अंतर आहे ते मोठे आहे. साराबाईंनी ज्याला नकार दिला ते गाणे नव्हते, व्यासपीठ होते, असे आम्हांला वाटते.

कन्या जॅनेट हिने वडिलांना दिलेल्या शब्दाखातर १९७४ मध्ये त्यांच्या जुन्या दुकानात दर शनिवारी गाण्याचे कार्यक्रम सुरू केले. लोक मावेनात, म्हणून भाऊ जो याने शेजारी मोठी शाकारलेली जागा बांधली. तिला 'कार्टर फोल्ड' म्हणतात. तेथे विजेवर चालणारी वाद्ये चालत नाहीत. घरात वाजते तसेच वाजले पाहिजे असा दंडक आहे. जॅनेट २००६ साली वारली. भावाची मोटार मिळाली नसती तर ज्यांचे गाणे कोणी ऐकले नसते, त्यांनी जेथे प्रथम गाणी मुद्रित केली त्या ब्रिस्टल शहरात २०१४ साली कंट्री संगीताचे संग्रहालय उघडले. आणि तेथल्या १९२७ च्या ध्वनिमुद्रणांचा समावेश अमेरिकेच्या राष्ट्रीय ग्रंथालयाने २००२ साली आपल्या जतन-यादीत पहिल्याच खेपेस केला.

श्रोतेहो, तबकडीवर किंवा आता हातातल्या लहानशा यंत्रावर आपण एखादे जुने गाणे ऐकतो, तेव्हा खाली छापलेले कवीचे आणि संगीतकाराचे नाव वाचतो. ते अवश्य वाचावे. पण त्याबरोबर एवढेही विचारावे, की हे गाणे कोणाच्या स्वयंपाकघरातून आले, कोणी पाठ ठेवले, आणि ते गायिले जात असताना बाहेर कोणाचे मूल रडत होते.